बद्द आणि खणखणीत



कसबा पेठेत आमच्या घराण्याच्या तीन पिढ्या तांब्यापितळेच्या भांड्यांच्या व्यापारात गेल्या. सकाळी दुकानाचे दार उघडण्यापूर्वीच तांबट आळीतून मठारकामाचे ठोके कानावर येऊ लागतात. माझ्या लहानपणी ते घराघरांतून एकदम येत, आता मोजक्या घरांतून येतात. तरीही त्या ठोक्यांवाचून आमचा दिवस सुरू झाल्यासारखा वाटत नाही. आवाजाशी आमचा संबंध इतकाच, असे मी आजवर समजत होतो.

गेल्या महिन्यात एका दुपारी दुकानात गिऱ्हाईक नव्हते. माझा पुतण्या गल्ल्याशेजारी बसून मोबाईलवर काही ऐकत होता. त्याने एक इअरफोन माझ्या हाती दिला आणि म्हणाला, “काका, हा आवाज कशाचा, ओळखा बरं.”

मी ऐकले. प्रथम वाटले, हत्ती असावा. मग वाटले, एखाद्या पडक्या वाड्याचा दिंडीदरवाजा गंजलेल्या बिजागरीवर फिरतो आहे. मी हार मानली.

“गॉडझिला,” तो हसून म्हणाला. “जपानी सिनेमातला राक्षसी प्राणी. पण आवाज कुठल्याच प्राण्याचा नाही. एका माणसाने हातमोजा घालून वाद्याच्या तारेवरून हात ओढला, त्याचा आहे.”

हे कौतुक पुढे चालू ठेवावे असा तो काळ आमच्या घरात नव्हता. पुतण्याने बी. कॉम. पूर्ण केले आहे. आता तो गल्ल्यावर बसेल, हे सर्वांनी गृहीत धरले होते. त्याने मात्र फिल्म इन्स्टिट्यूटच्या ध्वनिविभागाची प्रवेशपरीक्षा देण्याचे मनाशी ठरवले होते. ही गोष्ट उघड झाल्यापासून माझे थोरले बंधू त्याच्याशी कामापुरतेच बोलत होते. वहिनी मला म्हणाल्या, “भाऊजी, तुम्ही लिहिता-वाचता. तुमचे तो ऐकेल. तुम्हीच त्याला समजावून सांगा.”

समजावून सांगायचे म्हणजे दुकानात थांबायला सांगायचे, हे त्यांनी न बोलता सांगितले आणि मीही न बोलता मान्य केले. परंतु ज्याविषयी बोलायचे ते आधी जाणून घ्यावे, म्हणून मी त्या हातमोजेवाल्या जपानी गृहस्थांपासून सुरुवात केली. जे हाती लागले, ते या महिन्यात आपल्यापुढे ठेवतो.

त्यांचे नाव अकिरा इफुकुबे. जन्म १९१४ सालचा, जपानच्या उत्तरेकडील होक्काइदो बेटावरचा. त्यांनी शिक्षण घेतले वनशास्त्राचे आणि नोकरी केली वनखात्यात. संगीत ते स्वतःच शिकले. १९३५ साली, वयाच्या एकविसाव्या वर्षी, त्यांच्या ‘जपानी रॅप्सडी’ या वाद्यवृंदरचनेला चेरेपनिन या रशियन संगीतकाराने ठेवलेले पारितोषिक मिळाले. एवढे यश पदरी पडूनही पुढील दहा वर्षे ते जंगल आणि लाकूड यांच्याच कामात राहिले. महायुद्ध संपल्यावर त्यांनी ते काम सोडले, संगीत शिकवण्याची नोकरी धरली आणि १९४७ साली पहिल्या चित्रपटाला संगीत दिले. पुढे अडीचशेच्या आसपास चित्रपट त्यांच्या हातून झाले. अक्राळविक्राळ प्राण्यांचे अद्भुतपट आणि तलवारबहाद्दरांचे चित्रपट ही त्यांची मुख्य ओळख झाली. ‘झातोइची’ या आंधळ्या तलवारबाजाच्या चित्रमालिकेतील १९६२ च्या पहिल्या चित्रपटाचे संगीतही त्यांचेच.

‘गॉडझिला’ आला १९५४ च्या नोव्हेंबरात. त्याच वर्षी मार्चमध्ये बिकिनी बेटावर अमेरिकेने केलेल्या हायड्रोजन बाँबच्या चाचणीची राख एका जपानी मासेमारी नौकेवर पडली होती. हिरोशिमा आणि नागासाकी यांच्या जखमा तर अजून ओल्याच होत्या. अशा काळात अणुचाचण्यांनी जागा झालेला एक अजस्र प्राणी समुद्रातून वर येतो, ही त्या चित्रपटाची कल्पना. त्याने ओरडावे कसे? खऱ्या प्राण्यांचे आवाज घेऊन पाहिले, पण ते पुरेना. तेव्हा इफुकुबे यांनी डबल बेस या पुरुषभर उंचीच्या तंतुवाद्याची तार सैल करून घेतली आणि राळ लावलेला हातमोजा तिच्यावरून ओढायला लावला. तो आवाज मुद्रित करून त्याची गती मंद केली. (हातमोजा कातड्याचा होता, हे पुतण्याने मला मागाहून सांगितले!)

मला मात्र त्या डरकाळीहून त्याच चित्रपटातील दुसरी एक जागा अधिक मोलाची वाटली. एका शास्त्रज्ञाने अतिसंहारक असे एक साधन शोधून काढले आहे आणि ते जगाच्या हाती पडू नये म्हणून दडवून ठेवले आहे. नगर बेचिराख झाले तरी त्याचे मन तयार होत नाही. तेवढ्यात दूरचित्रवाणीवर शाळकरी मुलींच्या समुदायाने गायिलेली शांतीची प्रार्थना सुरू होते. ती ऐकून तो ते साधन एकदाच वापरायला राजी होतो आणि आपली टिपणे जाळून टाकतो. एवढ्या धडाक्याच्या चित्रपटात कथेचे पाऊल वळते ते एका संथ प्रार्थनेने. डरकाळी रचणारे आणि ती प्रार्थना रचणारे संगीतकार एकच.

हे सारे वाचून झाल्यावर मनात आले, अद्भुताला आणि संग्रामाला सूर देणारा असा कोणी आपल्या परिसरात झाला असेल काय? त्याचे उत्तर आमच्या घरापासून पायी जाण्याच्या अंतरावर होते. कसब्यातून निघावे, लकडी पूल ओलांडावा आणि एरंडवण्याच्या दिशेने चालत राहावे. ज्या आवारात आज फिल्म इन्स्टिट्यूट आहे, त्याच आवारात पूर्वी प्रभात फिल्म कंपनीचा स्टुडिओ होता. कोल्हापुरात १९२९ साली स्थापन झालेली ही कंपनी १९३३ साली पुण्यास आली. तिच्याबरोबर ज्यांचे नाव कायमचे जोडले गेले, त्या संगीतकारांपैकी एक म्हणजे केशवराव भोळे.

केशवरावांचा जन्म १८९६ सालचा, अमरावतीचा. त्यांनीही आधी वेगळीच वाट धरली होती. वैद्यकीचे शिक्षण सुरू केले होते, ते अर्ध्यावर राहिले आणि गाणे मात्र राहून गेले नाही. ‘एकलव्य’ या टोपणनावाने त्यांनी आपल्या काळातील गायकांवर लेख लिहिले. दुसऱ्याचे गाणे बारकाईने ऐकावे, त्यात काय आहे आणि काय नाही ते नेमके सांगावे, ही सवय त्यांना संगीतकार होण्यापूर्वीच लागली होती. १९३३ च्या जुलैमध्ये ‘नाट्यमन्वंतर’ या संस्थेने ‘आंधळ्यांची शाळा’ हे नाटक रंगभूमीवर आणले. एकेका पदाने रात्र जागवावी अशा त्या जमान्यात या नाटकात पदे मोजकी आणि आटोपशीर होती. संगीत केशवरावांचे होते आणि त्यांच्या पत्नी ज्योत्स्ना भोळे त्यात प्रमुख भूमिकेत होत्या.

पुढच्याच वर्षी, १९३४ साली, ‘प्रभात’चा ‘अमृतमंथन’ आला. दिग्दर्शक व्ही. शांताराम आणि संगीत केशवराव भोळे यांचे. हा चित्रपट आपल्यासारख्या घरांना आजही जवळचा वाटावा असा आहे. राजा क्रांतिवर्मा देवीपुढे दिले जाणारे पशूंचे आणि माणसांचे बळी बंद करतो. ज्यांची सत्ता त्या रक्तावर उभी आहे, त्यांचा नायक राजगुरू राजाचा वध घडवून आणतो. पुढे कट, पाठलाग आणि संघर्ष यांची रीघ लागते. राजगुरूचा एकच डोळा अवघा पडदा व्यापून टाकतो, ते दृश्य तर चित्रपटाच्या इतिहासात नोंदले गेले आहे.

आमच्या आजोबांना नाटक-सिनेमाचे वावडे होते. मात्र बळी थांबवणाऱ्या राजाचा बोलपट आला आहे, असे कोणी सांगितल्यावरून ते तो पाहायला गेले. ते सांगत, “भीती वाटली म्हणून डोळे मिटले, तर कानांनी अधिकच भीती घातली. शेवटी डोळे उघडले, तर समोर तो डोळा!” लहानपणी आम्ही या गोष्टीवर पोट धरून हसत असू. आता वाटते की चित्रपटसंगीताविषयी मी ऐकलेला हा सर्वांत नेमका अभिप्राय असावा. देवीचे मंदिर लाकडाचे आणि रंगाचे असते, तलवारी बोथट असतात, रक्त रंगाचे असते. डोळ्यांना हे कुठेतरी ठाऊक असते. कानांना मात्र ते ठाऊक नसते. अद्भुतपटाचा खरेपणा कानांच्या मार्गाने आत शिरतो.

त्यातून तो काळ साधनांच्या टंचाईचा. पार्श्वगायनाची पद्धत अजून रुळली नव्हती. नट-नटींनी कॅमेऱ्यासमोर उभे राहून स्वतः गायचे, वादकांनी चौकटीबाहेर बसून साथ करायची आणि अभिनय, गाणे, साथ हे सारे एकाच वेळी ध्वनिमुद्रित व्हायचे. एखाद्याचा ठेका चुकला की पुन्हा पहिल्यापासून. अशा मर्यादेत केशवरावांनी १९३५ साली ‘चंद्रसेना’ केला, ज्यात अहिरावण-महिरावणाचे पाताळ होते. १९३६ साली ‘राजपूत रमणी’ केला, ज्यात शौर्याची कथा होती. अद्भुत आणि वीर, दोन्ही रस दोन-तीन वर्षांत त्यांच्या हातून गेले.

एवढ्यावर त्यांनी आपला साचा ठरवून टाकला असता, तर आज त्यांच्याविषयी लिहिण्याचे कारण पडले नसते. १९३६ च्या डिसेंबरात ‘संत तुकाराम’ प्रदर्शित झाला. या चित्रपटातही चमत्कार आहेत. शत्रूला जिकडे पाहावे तिकडे शिवाजी महाराज दिसू लागतात, शेवटी वैकुंठाहून विमान येते. येथे मोठा गाजावाजा करण्याची सोय पुरेपूर होती. केशवरावांनी मात्र चाली ठेवल्या देहूच्या वाटेवरील वारकऱ्याला आपल्या वाटाव्यात अशा, भजनाच्या वळणाच्या. शांताराम आठवले यांनी या चित्रपटासाठी लिहिलेले एक पद इतके तुकोबांच्या बोलीत मिसळून गेले की ते गाथेतीलच आहे, असे कित्येकांना वाटले. शब्दांचे श्रेय आठवल्यांचे. पण त्या शब्दांना नव्या चालीचा जरासा जरी भपका असता, तर गुपित लगेच फुटले असते. मुंबईत एकाच चित्रपटगृहात हा चित्रपट सत्तावन्न आठवडे चालला आणि १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात उत्तम तीन चित्रपटांत त्याची गणना झाली.

त्याच १९३७ साली ‘कुंकू’ आला. तरुण नीरेचा विवाह तिच्या वडिलांच्या वयाच्या विधुराशी फसवून लावला जातो आणि ती तो संसार मानण्यास नकार देते, अशी ती कथा. या चित्रपटात पार्श्वसंगीत वापरलेले नाही. प्रसंगात जे आवाज स्वाभाविकपणे असतील, तेवढेच ऐकू येतात. दुःखाच्या जागी सारंगी नाही, संतापाच्या जागी नगारा नाही. घरात भिंतीवरचे जुने घड्याळ आहे आणि त्या म्हाताऱ्या नवऱ्याच्या सरत चाललेल्या आयुष्याशी ते बांधलेले आहे. ज्या संगीतकाराने तीनच वर्षांपूर्वी ‘अमृतमंथन’ निनादून टाकला होता, तो येथे बाजूला सरून उभा राहतो. कोणत्याही कारागिराला हे सोपे नसते. आपली कला येते हे दाखवण्याची उबळ सर्वांनाच असते. सामायिकाला बसणाऱ्या माणसाला विचारावे, बोलणे अवघड की अठ्ठेचाळीस मिनिटे न बोलणे अवघड?

नंतर १९४० च्या ‘संत ज्ञानेश्वर’मध्ये भिंत चालली आणि रेडा वेद बोलला. त्या अद्भुतालाही सूर केशवरावांचेच होते. पुढे ‘माझे संगीत’ या पुस्तकात त्यांनी आपल्या कामाचा हिशेब मांडून ठेवला. आपण कोणती रचना कशासाठी केली, हे लिहून ठेवणारे संगीतकार थोडे. रोजमेळ रोजच्या रोज लिहिणाऱ्या आपल्या व्यापारी मनाला ही सवय निश्चित भावेल.

इफुकुबे आणि भोळे यांची भेट कधी झाली असेल, असे मला वाटत नाही. तरी दोघांच्या पावलांत साम्य आहे. दोघांनी आधी दुसरे शिक्षण घेतले. दोघांनी धडाक्याची कामे केली आणि दोघांना नेमके कोठे थांबावे हे कळले. पुतण्याला दुकानात थांबवण्यासाठी मी पुरावा शोधायला निघालो होतो. हाती लागला तो उलट बाजूचा पुरावा. खोटा हिशेब मांडणे मला जमणार नव्हते.

रात्री जेवणे आवरल्यावर हे सारे मी बंधूंना सांगितले. त्यांनी शांतपणे ऐकून घेतले आणि एवढेच विचारले, “ही दोन माणसे मोठी झाली, म्हणून तू मला त्यांची नावे सांगतोस. जी झाली नाहीत, त्यांची यादी तुझ्याकडे आहे का?”

माझ्याकडे नव्हती. वाचकहो, हा प्रश्न बापाचा होता आणि रास्त होता. मी गप्प बसलो.

दोन दिवसांनी एक बाई गावाकडच्या लग्नासाठी कळश्या घ्यायला आल्या. बंधूंनी नेहमीप्रमाणे एकेक कळशी डाव्या हातावर तोलून धरली आणि उजव्या हाताच्या बोटाच्या पेराने टकटक केली. चौथी कळशी त्यांनी बाजूला ठेवली. बाईंना ती दिसायला सर्वांत चांगली वाटत होती. “ही नको, ताई. बद्द वाजते. तळाला बारीक चीर असणार,” ते म्हणाले. पाणी भरून पाहिले. थोड्या वेळाने कळशीखालची फरशी ओली झाली.

बाई गेल्यावर पुतण्या पुढे झाला. “पप्पा, रागावणार नसाल तर एक ऐकवू?” त्याने मोबाईल पुढे केला. गेले काही महिने तो दुकानातले आवाज मुद्रित करत होता, हे आम्हा कोणालाच ठाऊक नव्हते. बंधूंनी इअरफोन नाकारला, म्हणून त्याने मोबाईल तसाच गल्ल्यावर ठेवला. एकामागून एक टकटक ऐकू येऊ लागली. बंधू प्रथम रस्त्याकडे पाहत होते. मग त्यांची मान हळूच वळली.

“ही परात.”

पुढचा आवाज. “घंगाळ. जुने, जड.”

पुढचा. “कळशी. पण ही फुटकी आहे. परवा परत पाठवली ती का?”

“तीच,” पुतण्या म्हणाला.

“डोळ्यांनी न पाहता मला कसे कळले, सांग.”

“तेच तर शिकायचे आहे, पप्पा.”

बंधू काही वेळ बोलले नाहीत. मला वाटते, आपल्या आयुष्यभराच्या कसबाला कोणी विद्या म्हणेल, हे त्यांच्या ध्यानीमनी नव्हते. त्यांच्या वडिलांनी ती त्यांना शिकवली नव्हती. वडिलांशेजारी बसून बसून ती कानात उतरली होती. मुलाच्या कानातही ती उतरली होती, फक्त ती घेऊन त्याला पलीकडच्या तीरावर जायचे होते.

संध्याकाळी त्यांनी मला बोलावले. “परीक्षा देऊ दे. पास झाला तर शिकू दे. खर्च मात्र त्याच्या नावे मांड. देणगी म्हणून नको. कमवायला लागला की फेडील. आणि पास नाही झाला तर दोन वर्षे इथे बसेल, तोंड वाकडे न करता.” मी खतावणीत नवे पान उघडले. त्यावर पुतण्याचे नाव बंधूंनी स्वतःच्या हाताने लिहिले.

दुकानाचे पुढे काय, हा प्रश्न मात्र मिटलेला नाही आणि तो मिटला आहे असे मी आपल्याला सांगणार नाही. माझ्या मुली आपापल्या घरी सुखी आहेत, बंधूंना हा एकच मुलगा आहे. आणखी दहा वर्षांनी या दाराचे कुलूप रोज सकाळी कोण उघडेल, हे आज आम्हा दोघांनाही ठाऊक नाही. अनेक वाचकांच्या घरी हाच प्रश्न वेगळ्या शब्दांत उभा असेल, म्हणून घरातली गोष्ट असूनही लिहिली.

गेल्या रविवारी आम्ही तिघे पायीच लकडी पुलापलीकडे जाऊन आलो. इन्स्टिट्यूटच्या फाटकाशी बंधू थांबले. आत गेले नाहीत. रस्त्यावर वाहनांचा गोंगाट होता, तरी त्यांनी कान देऊन काही ऐकल्यासारखे केले. मग पुतण्याला म्हणाले, “सकाळी तांबट आळीत जाऊन ठोके भरून घे. पहाटे जा. नंतर रिक्षांचा आवाज मिसळतो.”

परीक्षेचा निकाल लागायचा आहे. लागला की या पानावर कळवीनच.